प्रतिसाद: ओरांगउटान दोन नव्हे, तीन

वर दादांनी ओरांगउटान या मोठ्या वानराच्या जातींबद्दल 'बोर्निओचा आणि सुमात्राचा, असे दोनच' म्हटलंय, ते २०१७ आधीचं. त्या वर्षी तापानुली ही तिसरी जात वेगळी ठरली. तीही सुमात्रा बेटावरचीच, पण तोबा सरोवराच्या दक्षिणेला, बातांग तोरूच्या डोंगरात. उरलीत ८०० पेक्षा कमी, आणि रान सुमारे १,००० चौरस किमी, म्हणजे आपल्या बेळगावकडच्या खानापूर तालुक्याहूनही लहान. त्यातच ५१० मेगावॅटचा जलविद्युत प्रकल्प.

फोटोत ओळखायचं तर पूर्ण वाढलेल्या नराचे गाल बघा. बोर्निओवाल्याचे गालपट्टे रुंद नि पुढं वळलेले, अंग गडद तांबूस. सुमात्रावाला फिकट, लांब केसांचा. तापानुलीचे केस कुरळे, डोकं लहान, आणि दाढी मादीलाही. सुमात्रात वाघ असल्यानं तिथला सहसा जमिनीवर उतरत नाही; बोर्निओत वाघच नाहीत, तिथले नर खुशाल चालतात.

मादी एका पिलानंतर साधारण ७-८ वर्षांनी विते. त्यामुळं शिकारीत किंवा पिलू पळवण्यात एक मादी गेली तरी तूट भरायला दशकं लागतात.

पामतेलाबद्दल, कारण ओरांगउटानांचं रान तोडून पामच्या बागा लावतात: पुड्यावर 'पामोलिन' किंवा कन्नडात 'ताळे एण्णे' दिसेल. पण सरसकट बहिष्कार घालून सोयाबीनकडं वळलं तर तेवढ्याच तेलाला कितीतरी पट जमीन लागते. खरी गोम दलदलीच्या पीट जमिनीत (अर्धवट कुजलेल्या पाल्या-लाकडाच्या थरात) आहे. लागवडीसाठी चर खणून पाणी काढलं की ती वाळते आणि आत धुमसत राहते. इंडोनेशियातल्या १९९७ आणि २०१५ च्या वणव्यांत तेच झालं.