उकड्या तांदळाचे ओनिगिरी वळतील का?

म्हापसेकर: सात-आठ वर्षांच्या मुलांना जपानी ओनिगिरी, म्हणजे हाताने वळलेले भाताचे गोळे, करायला शिकवायचंय. घरी उकडा तांदूळ आहे, चालेल? आत काय भरावं?

भातखाऊ: उकडा नको. तो सालीसकट आधीच उकडून वाळवलेला असतो, शिजला तरी शितं सुटी राहतात. कितीही दाबा, गोळा फुटणारच. इंद्रायणी किंवा आंबेमोहर घ्या. 1 वाटी तांदूळ धुऊन अर्धा तास भिजवा, निथळा, सव्वा वाटी पाणी घाला. उकळी आली की घट्ट झाकून मंद आचेवर 12 मिनिटं. गॅस बंद केल्यावर 10 मिनिटं झाकण उघडू नका, नाहीतर वरची शितं कच्ची राहतात. व्हिनेगर सुशीच्या भाताला, ह्याला नाही.

फोंडेकर: भात कोमट असतानाच वळा. हात ओले करून चिमूटभर मीठ चोळायचं. मुलं जोर लावतात आणि लगदा होतो. तीन-चार हलके दाब पुरे. जपानात आत उमेबोशी घालतात, खारवलेलं आंबट फळ. आपल्याकडे चेपणीतली तोरं, म्हणजे मिठात मुरवलेल्या कोवळ्या कैऱ्या, आहेतच! बारीक चिरून अर्धा चमचा. नोरी, म्हणजे समुद्री शेवाळाची वाळवलेली पातळ पट्टी, खातेवेळीच गुंडाळा, पावसाळी हवेत ती लगेच चिवट होते.

म्हापसेकर: आदल्या रात्री करून फ्रिजमध्ये ठेवले तर?

भातखाऊ: भात कडक होतो. सकाळी करा, दोनेक तासांत संपवा.