लेझरने नंबर काढल्यावर गॉगल कोणता घ्यावा? (रोज दुचाकीचा प्रवास आहे)

रानजाई:

नमस्कार मंडळी. नववीपासून चष्मा, दोन्ही डोळ्यांचा नंबर उणे साडेपाच. मागच्या महिन्यात अखेर लेझर करून घेतलं. तपासणीत बुबुळ (कॉर्निया) पातळ निघालं, म्हणून डॉक्टरांनी नेहमीचं लासिक नको म्हटलं आणि पीआरके हा लेझरचा दुसरा प्रकार केला. आज २६ दिवस झाले. पहिले चार दिवस डोळ्यांतून नुसतं पाणी, पडदे ओढून अंधारात पडून होते. आता छान दिसतं, फक्त संध्याकाळी थोडं धूसर होतं. परवाच्या तपासणीत गाडी चालवायला परवानगी मिळाली, पण "वर्षभर उन्हात गॉगलशिवाय बाहेर पडायचं नाही" हे डॉक्टरांनी दोनदा बजावलंय.

मी धायरीहून हिंजवडीला स्कूटरने जाते, जाऊन-येऊन चाळीसेक किलोमीटर. त्यात ऊन, धूळ आणि ट्रकचा धूर. ऑपरेशननंतर मिळालेला काळा प्लास्टिकचा गॉगल बाजूंनी बंद आहे, पण हेल्मेटमध्ये बसत नाही आणि त्यातून रस्ता हलल्यासारखा दिसतो. तीन दुकानं फिरले. एकाने पोलराइज्डच घ्या म्हणून सांगितलं. दुसऱ्याने यूव्ही ४०० चं स्टिकर दाखवलं. तिसऱ्याने निळा टॉर्च एका कार्डावर मारून ब्लू कट, म्हणजे निळा उजेड अडवणारी, काच दाखवली. स्टिकर तर सिग्नलवरच्या दोनशे रुपयांच्या गॉगललाही होतं! बजेट अडीच हजारांपर्यंत. जूनमध्ये लेहला जायचंही ठरलंय. जाणकारांनी नीट सांगावं, इतक्या वर्षांनी मिळालेल्या या डोळ्यांशी खेळ नको वाटतो.

नाशिकचा काचवाला:

ताई, अभिनंदन. चष्म्याच्या धंद्यात १९ वर्षं आहे, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

काच जितकी काळी तितकं संरक्षण जास्त, असं नसतं. काळेपणाने दिसणारा उजेड कमी होतो. अतिनील (यूव्ही) किरण दिसतच नाहीत. त्यांना काचेचा मूळ माल अडवतो, नाहीतर तिच्यातलं किंवा तिच्यावरचं द्रव्य. काच नुसतीच काळी असेल आणि अतिनील अडवत नसेल, तर ती न घातलेली बरी. उघड्या डोळ्यांनी उन्हात गेलं की आपण आपसूक डोळे किलकिले करतो. काळ्या काचेमागे डोळे टक्क उघडे राहतात, बाहुलीही मोठी होते, आणि किरण बुबुळावर आणि आत भिंगापर्यंत बिनदिक्कत पोचतात.

यूव्ही ४०० म्हणजे ४०० नॅनोमीटरपर्यंतचे किरण अडवणारी काच. तुम्हाला हवी ती हीच. पण स्टिकर कुणीही चिकटवतं, म्हणून दुकानात काच मोजून मागा. नंबर तपासायच्या बऱ्याच मशीनमध्ये काचेतून किती अतिनील जातं हेही दिसतं. दोन मिनिटांचं काम आहे, चांगला चष्मेवाला नाही म्हणणार नाही. घरी ढोबळ अंदाज घ्यायचा तर नोटा तपासायचा यूव्ही टॉर्च पाचशेच्या नोटेवर मारा, नंबर चमकतात. मध्ये गॉगलची काच धरल्यावर चमक गेली तर काच निदान काही काम करतेय. टॉर्च डोळ्यांकडे मात्र चुकूनही नको.

मालात तुमच्यासाठी पॉलिकार्बोनेट. अतिनील ते मुळातच अडवतं, वजनाला हलकं, आणि चाकाखालून उडालेला खडा लागला तरी सहसा फुटून डोळ्यात जात नाही. दुचाकीवाल्याने खरी काच, म्हणजे ग्लास, घेऊच नये.

गडदपणाला ० ते ४ अशा कॅटेगरी असतात, बऱ्याचदा काडीच्या आतल्या बाजूला आकडा छापलेला असतो. ३ नंबरच्या काचेतून ८ ते १८ टक्के उजेड येतो, आपल्या उन्हाला ती योग्य. ४ नंबरमधून फक्त ३ ते ८ टक्के येतो आणि ती घालून कुठलीही गाडी चालवायची नसते. रंग राखाडी किंवा तपकिरी. राखाडीत सिग्नलचे रंग आहेत तसे दिसतात.

पोलराइज्ड ही चकाकी मारणारी गोष्ट आहे. डांबरावरून, पाण्यावरून, पुढच्या गाडीच्या काचेवरून येणारी तिरीप ती कापते. पीआरकेनंतर काही दिवस तिरीप जास्त टोचते, तेव्हा आराम नक्की वाटेल. पण पोलराइज्ड आहे म्हणजे अतिनील अडवतेच, हे गृहीत धरू नका. शिवाय मोबाइल काही कोनांतून काळा दिसतो, मॅप बघून गाडी चालवत असाल तर दुकानातच बघून घ्या. ब्लू कटच्या बऱ्याच काचा अतिनीलही अडवतात, पण त्या पारदर्शक असतात. दुपारी दोनला हिंजवडीच्या रस्त्यावर डोळे दिपायचे ते दिपणारच.

आणि रस्ता हलल्यासारखा का दिसतो, तर स्वस्त वळणदार काचेत लहरी असतात. गॉगल हातभर लांब धरून त्यातून दाराची चौकट किंवा फरशीची सांध बघा आणि गॉगल हळूहळू हलवा. रेघ मध्येच वाकली, नागमोडी झाली, तर तो गॉगल परत ठेवा. माझ्याकडे नवीन माल आला की मीही आधी हेच करतो.

समुद्रपक्षी:

वरच्या प्रतिसादाला पूर्ण अनुमोदन, पण पीआरकेबद्दल स्वतःचा अनुभव सांगायलाच हवा.

लासिकमध्ये बुबुळाचा पातळ पापुद्रा उचलून खाली लेझर करतात आणि तो पुन्हा वर बसवतात. पीआरकेत पापुद्रा नसतो. वरची त्वचा काढून थेट पृष्ठभागावर लेझर होतो आणि ती त्वचा नव्याने येते. चार-पाच दिवसांत वरून भरलं तरी आतली भरण्याची क्रिया कित्येक महिने चालू असते. त्या काळात भरपूर अतिनील लागलं तर तिथल्या पेशी जास्त चेतवल्या जातात आणि बुबुळावर धुरकटपणा धरू शकतो. हा धुरकटपणा ऑपरेशननंतर काही महिन्यांनीही येऊ शकतो. जास्त नंबर काढलेल्यांना धोका अधिक. म्हणून तुमचे डॉक्टर वर्षाचं बोलले.

माझा नंबर उणे सहा होता. पाचव्या महिन्यात सगळं इतकं छान होतं की गॉगल विसरायला लागलो. हर्णैला तीन दिवस बोटीवर आणि पुळणीवर उघड्या डोळ्यांनी काढले. नंतर दोनेक आठवड्यांत दिव्यांभोवती धुकं दिसायला लागलं. तपासणीत हेझ, म्हणजे हाच धुरकटपणा, निघाला. नेमकं त्या तीन दिवसांनीच झालं असं डॉक्टर म्हणाले नाहीत, पण ऊन हे एक कारण असू शकतं म्हणाले. स्टेरॉइडचे थेंब पुन्हा सुरू झाले, दर काही दिवसांनी डोळ्यांचा दाब मोजायला जावं लागायचं. साडेतीन महिन्यांनी निवळलं. ते साडेतीन महिने फार घाबरून काढले. ताई, आत्ता नाही, चार-पाच महिन्यांनी सगळं उत्तम दिसायला लागेल तेव्हा जपा.

एक गोष्ट त्या वेळी कळली. ऊन फक्त समोरून येत नाही. कोरड्या वाळूवरून साधारण १५ टक्के अतिनील परत उसळतं, लाटांच्या फेसावरून २५ टक्क्यांच्या आसपास. ते खालून आणि बाजूंनी डोळ्यात शिरतं. लहान गोल काचेचा फॅशनचा गॉगल यूव्ही ४०० असूनही अपुराच. वर गडद आणि खाली फिकट होत जाणारी काचही मी घेणार नाही.

घाटवाट:

हेल्मेटचं कुणी बोललं नाही, म्हणून लिहितो. सतरा वर्षं बाईकवर आहे, लेझर केलेलं नाही.

गॉगल घ्यायला जाताना हेल्मेट सोबत न्या. दुकानात लाज वाटू देऊ नका. काड्या सरळ आणि चपट्या हव्यात, जाड काडी कानशिलावर दाबते आणि अर्ध्या तासात डोकं ठणकतं. हेल्मेट आधी घालायचं, गॉगल नंतर आत सरकवायचा, उलट केलं की फ्रेम वाकते. आतून कडेला फोमची पट्टी असलेले गॉगल मिळतात, वारा आणि धूळ जवळजवळ बंद होते. लेझरनंतर डोळे कोरडे पडतात असं ऐकून आहे, मग वारा लागणं आणखी वाईट. घाम आला की फोमवाल्यावर वाफ धरते, सिग्नलला थांबलं की जरा नाकाकडे ओढा. फोम रोज धुवायचा, नाहीतर त्यातच घाण साठते. हेल्मेटची काच खालीच ठेवायची, गॉगल असला तरी.

रानजाई:

किती मनापासून लिहिलंत सगळ्यांनी, खूप आभार. दोन शंका. माझ्या जुन्या चष्म्याची फ्रेम चांगली रुंद आहे, तिच्यात बिननंबरची गडद काच बसवता येईल का? आणि उन्हात आपोआप काळी होणारी काच कशी? घरी-ऑफिसात-रस्त्यावर एकच चष्मा पुरेल असं वाटतं.

नाशिकचा काचवाला:

फ्रेममध्ये बिननंबरची पॉलिकार्बोनेट टिंटेड काच नक्की बसते, नव्या गॉगलपेक्षा स्वस्तही पडेल. फक्त ती चेहऱ्याला किती जवळ बसते ते बघा. आरशासमोर एका बाजूला वळून पाहा, भुवई आणि गालापाशी बोटभर फट दिसली तर रोजच्या स्कूटरसाठी ती फ्रेम नको. पायी फिरताना, भाजी आणताना चालेल. नंबरची काच मात्र आत्ता अजिबात करू नका. संध्याकाळचं धूसर हळूहळू कमी होईल, पीआरकेत नजर स्थिरावायला काही महिने लागतात.

आपोआप काळी होणारी काच अतिनील लागलं की काळी होते. पुण्याच्या एप्रिलमध्ये तिचा एक तोटा आहे, उष्णतेत ती थंडीइतकी गडद होत नाही. कारमध्ये पुढची काचच बरंचसं अतिनील अडवते, म्हणून तिथेही फिकट राहते. तुम्हाला डोळे दिपण्याचा त्रास आहे तोवर वेगळा गॉगलच घ्या.

ठाणेकरीण:

माझं लासिक झालं त्याला तीन वर्षं झाली. रानजाई, संध्याकाळी साडेसातनंतर परत येताना काय घालणार आहेस ते ठरव. गडद गॉगल अंधारात घालायचा नाही, आणि नुसते उघडे डोळे ठेवले तर धूळ आणि किडे. मी बिनरंगाचा पारदर्शक चष्मा डिकीत ठेवते. रात्री समोरच्या दिव्यांभोवती वलयं दिसणं पहिल्या काही महिन्यांत बऱ्याच जणांना होतं, माझी चौथ्या महिन्यापर्यंत राहिली. पिवळ्या काचेचे "रात्रीच्या ड्रायव्हिंगचे" गॉगल मिळतात, त्यांनी उजेड आणखी कमी होतो. घेऊ नकोस.

उजेड सहन न होणं रोज थोडं कमी व्हायला हवं. ते आठवड्यांनी पुन्हा वाढलं, दुखायला लागलं, किंवा नजर धुरकटली तर आणखी गडद गॉगल शोधत बसू नकोस, त्याच दिवशी डॉक्टरांना फोन कर. मला पाचव्या आठवड्यात तसं झालं होतं. नजर उत्तम होती, पण खिडकीकडेही बघवत नव्हतं. थेंब बदलून दिले आणि दहा दिवसांत थांबलं.

समुद्रपक्षी:

लेहबद्दल. दर हजार मीटरला अतिनील साधारण १० टक्क्यांनी वाढतं. लेह साडेतीन हजार मीटरवर, पुणे साडेपाचशेवर, आणि वरच्या खिंडीत ताजा बर्फ असला तर तो ८० टक्क्यांपर्यंत परत फेकतो. तिथली हवाही कोरडी, डोळे जास्त सुकतील. जूनमध्ये तुमचा चौथा महिना असेल. डॉक्टरांना विचारल्याशिवाय तिकीट काढू नका. गेलातच तर बाजूंनी बंद असलेला गॉगल हवा, आणि एक जादा जवळ ठेवा. तिथे हरवला किंवा तुटला तर उघड्या डोळ्यांनी दिवस काढावा लागेल.

रानजाई:

शनिवारी हेल्मेट घेऊनच गेले. सहा गॉगल लावून पाहिले, चार फरशीच्या सांधेवरच बाद झाले. शेवटी वळणदार, राखाडी, पॉलिकार्बोनेट, ३ नंबरचा घेतला, फोमची पट्टी काढता-घालता येते. पोलराइज्ड नाही, मॅप दिसत नव्हता. मशीनवर मोजून घेतला, अतिनील शून्य दाखवलं. १६५० रुपये. उरलेल्या पैशांत जुन्या फ्रेममध्ये पारदर्शक काच बसवायला टाकली, ती रात्रीसाठी.

आज पहिल्यांदा वारजे पुलावर डोळ्यांत पाणी आलं नाही. लेहचं तिकीट थांबवलंय. पुढची तपासणी १४ मे ला आहे, डॉक्टर काय म्हणतात ते इथेच लिहीन.