निलंबन काळाचा पगार

निलंबित सरकारी कर्मचारी फौजदारी खटल्यातून निर्दोष सुटला की अडकलेला सगळा पगार आपोआप मिळतो, असं बरेच जण म्हणतात. तसं नाही हो. आपल्याकडे महाराष्ट्रात १९८१ च्या नागरी सेवा नियमांतला नियम ७२ लागतो. निलंबन ‘पूर्णतः असमर्थनीय’ होतं असं कार्यालयाला वाटलं तरच पूर्ण वेतन. १९९७ मध्ये महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानेही हेच धरलं.

आमच्या कळव्यातले एक शेजारी निकालाची प्रत देऊन निवांत बसले. मग कमी रक्कम प्रस्तावित करणारी नोटीस आली, ती कपाटात ठेवली! अशा नोटिशीवर लेखी म्हणणं द्यायला जास्तीत जास्त ६० दिवस. तिथेच खरी लढाई असते. निलंबन काळात दिलेला निर्वाह भत्ता मात्र एकूण रकमेतून वजा होतोच.