मदत हवी आहे: मामांच्या यू-मॅटिक टेप कुठे कॉपी करून मिळतील?

नमस्कार मंडळी. माझे मामा मुंबई दूरदर्शनवर चालू घडामोडींच्या कार्यक्रमांचे निर्माते-दिग्दर्शक होते. ते गेल्यावर बेळगावात टिळकवाडीच्या घरी माळ्यावर २३ यू-मॅटिक टेप (टीव्हीवाले वापरायचे त्या जुन्या व्हिडिओ कॅसेट) सापडल्या. लेबलांवर त्यांच्याच अक्षरात 'सीमाप्रश्न चर्चा', 'ऊसदर' असं लिहिलंय. त्यांच्या कामाचा एवढाच पुरावा घरात उरलाय.

इथल्या लग्नाच्या शूटिंगवाल्याकडे फक्त व्हीएचएस आहे. ती अर्ध्या इंचाची, ही पाऊण इंचाची फीत, कॅसेट बसतच नाही. कोल्हापुरात एकाकडे डेक (या टेप चालवायचं मशीन) मिळाला, पण बंद.

खरी अडचण बुरशीची. सहा टेपांवर पांढरा थर आहे (बेळगावच्या पावसात चपलांना बुरशी येते, फितीचं काय घेऊन बसलात!). तशीच टेप चालवली तर डेकचं हेड (फीत वाचणारा भाग) खराब होतं आणि बुरशी पुढच्या टेपांना लागते, म्हणून 'एकदा लावून तर बघा' हा सल्ला कृपया नको.

कुरिअरने पाठवणार नाही, पुण्या-मुंबईला स्वतः घेऊन येईन. डीव्हीडी नको, चांगल्या दर्जाची फाईल हवी. हे काम नोकरीत केलेलं, हक्क मामांचे नव्हेत याची कल्पना आहे. यूट्यूबवर टाकायचं नाही, घरच्यांना बघायचंय.

तर बुरशी साफ करून देणारा, चालू PAL (आपल्याकडची टीव्ही पद्धत) यू-मॅटिक डेक असलेला कुणी माहितीत आहे का? टेपला साधारण किती घेतात? आणि लेबलवर लिहिलेलं नसेल तर रेकॉर्डिंग लो-बँड की हाय-बँड (यू-मॅटिकमधले रेकॉर्डिंगचे प्रकार), हे निघण्याआधी घरीच कसं ओळखायचं?