प्राण्यांची गमतीदार यमकाची चित्रपुस्तकं मुलांना वाचून दाखवावीत का?

कोथरूडची आई
मुलगी साडेतीन वर्षांची आहे. तिच्या बालवाडीच्या पालकसभेत सांगितलं गेलं, 'अर्थ नसलेली यमकं वाचण्यापेक्षा माहितीची पुस्तकं द्या. प्राणी कुठे राहतो, काय खातो, ते कळू दे.' मला हे अजिबात पटलं नाही.

आम्ही जुन्या वहीत चित्रं काढून घरीच एक पुस्तक केलंय. त्यातलं एक पान:

उंटाच्या पाठीवर उंचवटा,
माकड सोलतंय तिथे बटाटा.

हे पान रोज रात्री चार वेळा वाचावं लागतं. 'उंचवटा' म्हटलं की मी थांबते आणि 'बटाटा' ती ओरडून म्हणते. एकदा मुद्दाम 'कांदा' म्हटलं, तर तिनं माझ्या तोंडावर हातच ठेवला. कुठला शब्द कानाला बसतो आणि कुठला नाही, हे तिला कुणी शिकवलेलं नाही. उंटाला मदार असते हे ती पुढे कधीही शिकेल. विंदा करंदीकरांनी 1961 मध्ये 'राणीची बाग' लिहिलं, तेव्हा मुलांना भायखळ्याच्या प्राण्यांची माहितीपत्रकं द्यायची म्हणून लिहिलं नव्हतं.

रानवाटा, जुन्नर
ताई, गमतीला माझा विरोध नाही, प्राण्यांना आहे. बाजारातली अशी पुस्तकं उघडून बघा. सिंह, जिराफ, पेंग्विन, झेब्रा. माझ्या पुतण्याला चार वर्षांचा असताना जिराफ ओळखता यायचा, पण बांधावरून ओरडत उडालेली टिटवी ओळखता आली नाही. शेकरू आपला राज्यप्राणी, भीमाशंकरला झाडावर दिसतो. यमकाच्या किती पुस्तकांत तो आहे? शिवाय आमच्याकडे उसात बिबट्या असतो. दिवस मावळला की पोरांना अंगणात एकटं सोडत नाही. त्यांच्या हातात टोपी घालून नाचणारा गोडुला बिबट्या द्यायचा, हे मला बरोबर वाटत नाही.

अंगणवाडी ताई
माझा विरोध पुस्तकालाच आहे. माझ्यासमोर पंचवीस मुलं आणि हातात एक पुस्तक. चित्र पुढच्या पाच जणांना दिसतं, मागची मुलं उठून उभी राहतात, मग ढकलाढकली. तेच 'इथे इथे बैस रे मोरा' म्हणत तळहातावर बोट टेकवलं की पंचविसांच्या हातावर मोर बसतो. यमक कानाचं आणि अंगाचं आहे. आई-बाबांच्या मांडीवर बसून पान उलटायचं सुख किती मुलांना मिळतं, याचाही विचार करा. आमच्या वस्तीत आई सातला कामावरून येते.

जुना संपादक
मुलांच्या पुस्तकांवर बरीच वर्षं काम केलंय, म्हणून थोडं सविस्तर लिहितो. खरी अडचण वाईट यमकाची आहे. मराठीत क्रियापद वाक्याच्या शेवटी येतं, त्यामुळे यमक फुकटात मिळतं. हत्ती आला, पाणी प्याला, झोपी गेला. अशी शंभर पानं एका दुपारी लिहून होतात आणि पुढचा शब्द कोणता येणार याची मुलाला उत्सुकताच उरत नाही. वरच्या ओळींत 'उंचवटा-बटाटा' ही दोन नामं आहेत, म्हणून त्या मुलीला झेप घ्यावी लागते आणि म्हणूनच ती हसते.

भाषांतरित पुस्तकांत तर आणखी पंचाईत. इंग्रजीत कोल्हा आणि खोका यांचं यमक जुळतं, म्हणून चित्रकारानं कोल्ह्याला खोक्यात बसवलेलं असतं. मराठीत ते जुळत नाही, पण चित्र तर छापलेलं. मग भाषांतरकार ओढूनताणून काहीतरी जुळवतो आणि मूल दुसऱ्या पानावर उठून जातं. अशी पुस्तकं वाचून दाखवण्यापेक्षा न वाचलेली बरी.

न्यू जर्सीकर बाबा
मी पूर्णपणे कोथरूडच्या ताईंच्या बाजूनं. आमचा मुलगा चार वर्षांचा, दिवसभर इंग्रजीत. त्याला 'ळ' येत नव्हता. 'कावला' म्हणायचा. टोकलं की मराठी बोलणंच बंद करायचा. मग बायकोनं कावळा, बगळा आणि मुंगळा या तिघांच्या सहलीची चित्रं काढली. तिघांचीही नावं 'ळा'वर संपतात. गंमत म्हणून तो ते इतक्यांदा म्हणाला की जीभ आपोआप वळली. माहितीच्या पुस्तकानं हे झालं नसतं. अंगणवाडी ताई, इथे आमच्याभोवती गाणी म्हणणारी पंचवीस मुलं नाहीत. आम्हाला पुस्तकाचाच आधार आहे.

अभ्यासू मावशी
ऑक्सफर्डच्या ब्रॅडली आणि ब्रायंट यांचा 1983 चा अभ्यास प्रसिद्ध आहे. 400 च्या आसपास मुलं होती. वाचायला लागण्याआधी ज्यांना यमकातलं साम्य चांगलं ओळखता येत होतं, ती पुढे वाचनातही पुढे राहिली. तेव्हा 'अर्थ नसलेलं' म्हणून यमक उडवून लावू नका.

जुना संपादक
मावशी, ती मुलं इंग्रजी वाचणारी होती. आपली लिपी अक्षरांची, बाराखडीची. तिथलं सगळं इथे जसंच्या तसं लागू होईल असं मी धरून चालणार नाही.

कोथरूडची आई
रानवाटा दादा, तुमचं म्हणणं लागलं मला. आमच्या वहीत उंट, माकड, पाणघोडा आहेत, टिटवी नाही. पण टोपीवाल्या बिबट्याबद्दल पटत नाही. माकड बटाटा सोलत नाही हे मुलीला पक्कं माहीत आहे, म्हणूनच तर ती हसते. अंगणवाडी ताई, तुमच्यासाठी आम्ही जुन्या कॅलेंडरांच्या पाठीवर मोठी चित्रं काढून देऊ शकतो, मागच्या मुलालाही दिसतील अशी. चालेल?

अंगणवाडी ताई
चालेल. पण ओळी दोनच ठेवा, हातवारे करता येतील अशा. आणि फाटलं तर रागावू नका. फाटू नये म्हणून कपाटात बंद ठेवलेली पुस्तकं मी खूप पाहिलीत.

रानवाटा, जुन्नर
टिटवी उघड्या माळावर खड्यांतच अंडी घालते, रंग असा की पाय पडेपर्यंत दिसत नाहीत. घ्या:

माळावर खडे, खड्यांत अंडी,
शेळ्यांनो, लांबून न्या तुमची दिंडी!

कोथरूडची आई
आत्ताच वाचून दाखवलं. 'शेळ्या टाळ वाजवतात का?' असं विचारतेय. चित्र काढायला बसलो आहोत.