अनुभव धागा: कॅसेटवाला व्हिडिओ गेम कॉम्प्युटरवर

दिवाळीत माळा आवरताना आमचा जुना व्हिडिओ गेम सापडला. बाबांनी १९९४ साली बोनसमधून घेतलेला. अडॉप्टर गायब, एका रिमोटची वायर उंदरांनी खाल्लेली, पण ‘९९९९९९ इन १’ लिहिलेली पिवळी कॅसेट मात्र ठणठणीत. (सहा आकडी गेमांमधले वेगळे असे जेमतेम डझनभर. बाकी तेच गेम पुन्हा, फक्त दुसऱ्या लेव्हलपासून. हे कळल्यावर भावाने तेव्हा दोन दिवस तोंड पाडलं होतं.)

यंत्र काही चालू होईना, म्हणून लॅपटॉपवर इम्युलेटर, म्हणजे जुन्या यंत्राची नक्कल करणारा प्रोग्राम, टाकायचं ठरवलं. पहिली संध्याकाळ एका ‘सगळे गेम फुकट’ छापाच्या पानावरून भलतंच काहीतरी उतरवण्यात आणि मग ते काढून टाकण्यात गेली. दुसऱ्या दिवशी शहाणा झालो. मेसेन हा इम्युलेटर बनवणाऱ्याच्या मूळ पानावरून घेतला आणि दहा मिनिटांत काँट्रा सुरू!

सुरू झाला, पण तो माझा काँट्रा नव्हता. पळतो हो! माणसं भराभर, गोळ्या भराभर, गाणंसुद्धा मागे कुत्रं लागल्यासारखं. पहिल्या लेव्हलची चाल मला झोपेतून उठवलं तरी म्हणता येईल, ती इतक्या घाईत नव्हती. बायकोचं मत, गेम तोच आहे, तुझं वय झालंय. मुलगा तर म्हणतो, अजून फास्ट कर.

म्हणून हा धागा. तुम्ही असा उद्योग केला असेल तर काय अडलं, कसं सुटलं, ते लिहा. यंत्र कुठलंही चालेल. फक्त रॉम कुठे मिळते ते विचारू नका, सांगूही नका. इम्युलेटर वापरण्यात गैर काही नाही. रॉम म्हणजे कॅसेटच्या चिपमधला ऐवज, आणि त्यावर कोणाचे तरी हक्क असतात. नवं काही खेळायचं असेल तर याच जुन्या यंत्रासाठी हल्ली बनवलेले गेम रीतसर विकत मिळतात. मायक्रो मेजेस हा २०१९चा गेम मी घेतला. अख्खा गेम ४० किलोबाइटचा! व्हॉट्सअ‍ॅपवरचा सुप्रभाताचा फोटो याहून जड असतो.

*परभणी*

आमची अडचण अगदीच घरगुती. मी आणि दादा, एकच कीबोर्ड, काँट्रा दोघांचा. मला बाण आणि उजवीकडची बटणं, दादाला डावीकडची. खेळ रंगात आला की माझा माणूस उडीच मारायचा नाही. सरळ चालत जाऊन पाण्यात! मी म्हणायचे दादा मुद्दाम काहीतरी करतो, तो म्हणायचा तुला खेळताच येत नाही. आईने दोन वेळा लॅपटॉप बंद केला.

शेवटी नोटपॅड उघडून बघितलं. दादाने दोन बटणं दाबून धरली की माझं तिसरं अक्षर उमटतच नव्हतं. स्वस्त कीबोर्डात प्रत्येक बटणाला वेगळी तार नसते, आडव्या-उभ्या तारांची जाळी असते, त्यामुळे काही तीन बटणांच्या जोड्या एकदम दाबल्या की एक गिळली जाते. शिफ्ट, कंट्रोल, ऑल्ट यांची सोय सहसा वेगळी असते, म्हणून उडी शिफ्टवर ठेवली. तर पाच उड्या झाल्या की विंडोज मध्येच विचारतं, ‘स्टिकी कीज चालू करू का?’ ते सेटिंगमध्ये जाऊन बंद करावं लागतं. दादाने अजून माफी मागितलेली नाही.

*न्यू जर्सी*

धागाकर्ते, तुमचं वय झालेलं नाही. मलाही तसंच वाटलं होतं. माझं लहानपण डोंबिवलीत गेलं. इथल्या ऑफिसातल्या एका मित्राला इम्युलेटर दाखवला, तर तो म्हणाला, वेग अगदी बरोबर आहे, आमचा असाच होता. आम्ही दोघंही शपथेवर सांगायला तयार होतो. पुढे कोणी उलगडा केला तर बरं.

*नाशिक*

माझा किस्सा पहिल्या प्लेस्टेशनचा. मामांनी सिंगापूरहून आणलेल्या अस्सल सीडी अजून आहेत, खालून काळ्या रंगाच्या. त्या साध्या कॉम्प्युटरच्या सीडी ड्राइव्हमध्ये वाचता येतात. इमेजबर्नने रिज रेसरची प्रत केली. दोन फाइली तयार झाल्या, एक मोठी ‘बिन’ आणि एक इवलीशी ‘क्यू’. मला नीटनेटकेपणाची हौस. मी मोठीचं नाव बदलून ‘गाडीचा गेम’ केलं. क्यू उघडेना. म्हटलं मरू दे ती, थेट बिन उघडली. गेम चालला, इंजिनाची घरघर, टायरचा आवाज, सगळं होतं. संगीत तेवढं नाही.

चार दिवस आवाजाच्या सेटिंगा चाळल्या. मग सहज क्यू फाइल नोटपॅडमध्ये उघडली तर आत साधा मजकूर: बिनचं जुनं नाव, आणि खाली कुठला ट्रॅक कुठे सुरू होतो त्याची यादी. संगीत त्या सीडीवर गाण्यांसारखं वेगळ्या ट्रॅकांत असतं, आणि बिनला एकटीला ते ठाऊक नसतं. क्यूमधलं नाव दुरुस्त केलं, काम झालं.

जाता जाता: हा गेम अख्खा यंत्राच्या मेमरीत चढतो, त्यामुळे खऱ्या प्लेस्टेशनमध्ये मध्येच सीडी काढून आपली गाण्यांची सीडी घालता येते. आम्ही घरात असेल ती घालायचो. आजीच्या अभंगांवर शर्यत मारलेली आहे.

*सांगली*

धागाकर्ते आणि न्यू जर्सीकर, तुम्ही दोघंही खरं बोलताय.

या यंत्राचं मूळ जपानी, निन्टेन्डोचं फॅमिकॉम, जुलै १९८३चं. जपान-अमेरिकेत टीव्हीचं चित्र सेकंदाला ६० वेळा बदलायचं, आणि गेमचं घड्याळ त्यालाच बांधलेलं: एक चित्र, एक पाऊल. संगीतही त्याच तालावर पुढे सरकतं. आपल्याकडे टीव्ही पाल पद्धतीचा, सेकंदाला ५० चित्रं. आपल्या घरी आलेली यंत्रं निन्टेन्डोची नव्हतीच, ती तैवानी चिपांवरची नक्कल. ती ५०च्या हिशोबाने चालायची. म्हणजे तोच गेम सहाला पाच या प्रमाणात सावकाश. तुमच्या लॅपटॉपवर अमेरिकन वेग चाललाय.

आता गंमत. मी लगेच इम्युलेटरच्या सेटिंगमध्ये विभाग ‘पाल’ केला. वेग जमला, पण गाणं घसा बसल्यासारखं यायला लागलं. चाल बरोबर, सूर खाली. पेटीवर वाजवून बघितलं, एका पट्टीहून थोडं जास्तच उतरलेलं. कारण सूर ठरतो प्रोसेसरच्या घड्याळावर, आणि निन्टेन्डोने स्वतः युरोपसाठी जे यंत्र केलं त्यात तेही मंद होतं, १.६६ मेगाहर्ट्झ. मूळचं १.७९. आपल्या नकली यंत्रवाल्यांनी हुशारी केली: चित्रं ५०, पण प्रोसेसर १.७७, म्हणजे मूळच्या जवळपास. ताल संथ, सूर जागेवर.

मेसेनमध्ये यासाठी तिसरा विभाग आहे, ‘डेंडी’. डेंडी हे १९९२ साली रशियात विकायला आलेल्या अशाच नकली यंत्राचं नाव. तिकडेही घरोघरी हेच होतं. तो निवडा. एवढ्यावर थांबू नका. आवाजाच्या सेटिंगमध्ये खोलवर ड्यूटी सायकलची (आवाजाचा पोत ठरवणाऱ्या प्रमाणाची) अदलाबदल करणारा पर्याय आहे, शेजारी लिहिलंय की जुन्या नकली यंत्रांची नक्कल करतो. बऱ्याच नकली चिपांत या प्रमाणाचे दोन आकडे चुकून उलटे पडले होते, त्यामुळे तोच सूर जरा वेगळ्या गळ्यातून यायचा. नकलेतली चूक, आणि तिची मुद्दाम केलेली नक्कल! ती खूण केली आणि मी खुर्चीतून उठून उभा राहिलो. तुमचं यंत्र त्याच जातीचं असेल असं नाही, दोन्ही करून बघा.

*पिंपरी*

लॅपटॉप एचडीएमआयने टीव्हीला जोडला तर मारिओ प्रत्येक खड्ड्यात. बटण दाबल्यावर उडी उशिरा. टीव्ही चित्र सुंदर करण्यात वेळ घालवतो. टीव्हीतच ‘गेम मोड’ असतो, तो लावा. बस.

*मडगाव*

आमचे मामा बोटीवर होते, त्यांनी गेमबरोबर बंदूकही आणली होती. बदकं मारायची. मारायची कसली, आम्ही टीव्हीच्या काचेला नळी टेकवूनच बसायचो, आणि गेममधला तो कुत्रा तरीही हसायचा.

तीच बंदूक चालेल या आशेने मी बरीच खटपट केली. नाही चालत. घोडा ओढला की क्षणभर पडदा काळा होतो, मग बदकाच्या जागी पांढरा चौकोन उमटतो, आणि नळीतला डोळा तो उजेड बघतो. म्हणजे बंदूक गोळी मारत नाही, बघते! हा सगळा मामला जुन्या काचेच्या टीव्हीच्या वेगावर बेतलेला. सपाट पडद्यावर चित्र थोडं उशिरा येतं, तोवर बंदुकीने बघणं संपवलेलं असतं. इम्युलेटरमध्ये माउसने नेम धरायचा. माउसने एकही बदक सुटत नाही. दोन डाव झाले आणि कंटाळा आला.

*नागपूर*

माझी चूक, इतरांनी करू नये. पीसीएसएक्स२ या प्लेस्टेशन २च्या इम्युलेटरवर गॉड ऑफ वॉर खेळत होतो. एफ१ दाबलं की जिथे आहोत तिथेच सेव्ह होतं, त्यामुळे गेममधली सेव्हची जागा आली तरी मी ढुंकून बघायचो नाही. शेवटच्या मारामारीपर्यंत पोचलो आणि त्याच रात्री इम्युलेटर अपडेट केला. नव्या आवृत्तीने जुनी सेव्ह उघडायला नकार दिला. एफ१ची सेव्ह म्हणजे त्या आवृत्तीच्या पोटातला फोटो, पुढच्या आवृत्तीला तो ओळखू येईलच असं नाही. गेमच्या मेमरी कार्डवर केलेली सेव्ह चालते, पण माझ्या कार्डावर पहिलाच तास होता. जुनी आवृत्ती पुन्हा टाकून वाचलो. सेव्ह गेममध्येच करा.

*इचलकरंजी*

मुस्तफा आठवतोय का कोणाला? गेमचं खरं नाव कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स, कॅपकॉमचा, १९९३चा, पण आमच्या व्हिडिओ गेम पार्लरमध्ये ते नाव घेतलं असतं तर लोकांनी वेड्यात काढलं असतं. ‘मुस्तफा रिकामा आहे का?’ एवढंच. शाळा सुटली की तिघं तीन दांड्यांवर, आणि मागे सल्ला देणारे सात.

असले गेम मेम या इम्युलेटरवर चालतात, १९९७ पासून बनतोय तो. फाइल कशी आली ते धागाकर्त्यांच्या नियमामुळे सांगत नाही. मी पहिल्यांदा झिप उघडून आतल्या फाइली बाहेर काढल्या. इथे तसं करायचं नसतं, झिप तशीच ठेवायची, तिचं नावही बदलायचं नाही. तेवढं कळल्यावर पुढची शिवी आली: ‘डीएल-१४२५.बिन नॉट फाउंड’. आता हे काय? तर या गेमच्या सर्किटच्या पाटीवर क्यूसाउंड नावाची आवाजाची चिप होती, आणि तिच्या पोटातला प्रोग्राम नव्या मेमला वेगळ्या फाइलीत लागतो. जुन्या मेमला लागत नव्हता. मेमची आवृत्ती आणि गेमची फाइल एका पिढीच्या हव्यात, नाहीतर रोज नवी तक्रार.

चालला शेवटी. ५ दाबलं की नाणं पडतं, १ दाबलं की सुरू. मी ५ वर बोट ठेवून अर्ध्या तासात गेम संपवला, आणि मला काहीच वाटलं नाही. पार्लरमध्ये खिशात दोन रुपये असायचे, म्हणजे दोन नाणी. तेवढ्यात गाडीच्या लेव्हलपर्यंत पोचलो तर मागचे सात जण शांत व्हायचे. आता मी आणि धाकटा चुलतभाऊ खेळतो तेव्हा टेबलावर दोन-दोन खरी नाणी ठेवतो. ५ दाबायचं तर एक नाणं डब्यात टाकायचं. डबा त्याच्या आईकडे असतो. गाडीच्या लेव्हलला अजून पोचलेलो नाही.

*कोल्हापूर*

धागाकर्ते, तो उंदरांनी खाल्लेला रिमोट टाकू नका. वायर बदलता येते, आणि रिमोट यूएसबीवरही येतो. आत फार काही नसतं. पाच तारा: पाच व्होल्ट, ग्राउंड, लॅच, क्लॉक, डेटा. अस्सल रिमोटमध्ये ४०२१ नावाची चिप, आपल्या नकलीत तिच्या जागी डांबरासारखा काळा ठिपका. लॅचला एकदा टोचलं की तो सगळ्या बटणांची स्थिती धरून ठेवतो, मग क्लॉकच्या प्रत्येक ठोक्याला एकेक बटण सांगतो: ए, बी, सिलेक्ट, स्टार्ट, वर, खाली, डावं, उजवं. आर्डुइनो प्रो मायक्रो हा प्रोग्राम करता येणारा छोटा बोर्ड घ्या, तो कॉम्प्युटरला स्वतःला जॉयस्टिक म्हणून सांगू शकतो. तारांच्या रंगावर विश्वास ठेवू नका, प्रत्येक कारखान्याचे रंग वेगळे. मल्टिमीटरने बघूनच जोडा, माझा पहिला रिमोट मी याच घाईत जाळला.

बटण दाबूनही लागत नसेल तर आतल्या रबराखालची काळी टिकली आणि पाटी स्पिरिटच्या बोळ्याने पुसा. माझ्या रिमोटमध्ये तीस वर्षांचं चिवड्याचं तेल निघालं.

*धागाकर्ता, ठाणे*

सांगलीकर, साष्टांग! काल रात्री डेंडी केलं, ती अदलाबदलीची खूणही केली आणि इअरफोन लावून पहिली लेव्हल सुरू केली. तीच. घाई नाही, घसा बसलेला नाही. भावाला फोन लावून नुसतं गाणं ऐकवलं, तर पलीकडून ‘वर वर खाली खाली डावं उजवं डावं उजवं’ सुरू झालं. तीस लाइफचा मंत्र.

सकाळी मुलगा खेळायला बसला. दोन मिनिटांनी स्वयंपाकघरात येऊन म्हणाला, “बाबा, लॅपटॉप हँग होतोय. सगळे हळू चालतायत.”

मेसेनच्या आता दोन प्रती ठेवल्यात, वेगवेगळ्या फोल्डरमध्ये. एकावर त्याचं नाव आहे, एकावर माझं.