प्रभावी, अप्रभावी की सुप्त? फुलांच्या रंगासाठी नेमका शब्द

पानफूल: वाटाण्याच्या फुलांबद्दलच्या एका मजकुरात 'पांढरा रंग सुप्त जनुकामुळे येतो' असं आहे. पुढच्याच परिच्छेदात 'अप्रभावी' आणि खालच्या तक्त्यात चक्क 'दुर्बल'. तिन्ही एकच का? कुठला ठेवावा?

कोशकिडा: 'दुर्बल' आधी काढा. शाळेच्या पुस्तकांतून प्रभावी-अप्रभावी ही जोडी रुळली आहे, तीच ठेवा. 'सुप्त' कानाला गोड लागतो, पण बियांची सुप्तावस्था ही वेगळीच गोष्ट. शिवाय जनुक झोपलंय, कधीतरी जागं होईल असा भास होतो. वाटाण्यात तसं नाही. रंगद्रव्य बनवणारी यंत्रणा सुरू करणारं एक जनुक असतं. पांढऱ्या फुलाच्या झाडात त्याच्या डीएनएत एका अक्षराचा बदल झालेला असतो, म्हणून त्यापासून धड प्रथिन बनत नाही. प्रत्येक झाडात या जनुकाच्या दोन प्रती असतात; त्यांतली एक शाबूत असली की पुरेसं रंगद्रव्य तयार होतं आणि फूल जांभळं दिसतं. म्हणजे जांभळा पांढऱ्याला 'दडपतो' हेही चूकच.

बियाणे: 'प्रभावी' हा शब्द एकटा सोडू नये, 'कशावर' ते लिहावं: वाटाण्यात जांभळा पांढऱ्यावर प्रभावी. आणि प्रभावी म्हणजे जास्त आढळणारा, हा समज तर फारच पसरलाय. भाजीसाठी लावतात त्या वाटाण्याच्या शेतात पांढरीच फुलं दिसतील, कारण निवड तशीच होत आली. तीन जांभळ्यांस एक पांढरं हे प्रमाण दुसऱ्या पिढीचं, तेही पहिल्या पिढीच्या संकरित झाडांच्या स्वपरागणातून आलेल्या. वाटाण्यावर आनुवंशिकतेचे प्रयोग करणाऱ्या मेंडेलच्या 1866 च्या निबंधात 929 झाडांपैकी 705 जांभळी आणि 224 पांढरी आहेत.

पानफूल: मग गुलबक्षी? लाल आणि पांढऱ्याच्या संकरातून गुलाबी आली तर 'मिश्र प्रभाव' म्हणायचं?

कोशकिडा: 'अपूर्ण प्रभाविता'. एका प्रतीतून निम्माच रंग येतो, म्हणून गुलाबी. पुढच्या पिढीत लाल, गुलाबी, पांढरी 1:2:1. 'सहप्रभाविता' नको, ती एबी रक्तगटासारख्या उदाहरणांसाठी, जिथे दोन्ही गुण पूर्ण आणि वेगवेगळे दिसतात. गुलबक्षीचं पट्ट्यापट्ट्यांचं फूल पाहून बरेच जण सहप्रभाविता लिहून मोकळे होतात. ते पट्टे जनुकातल्या जागा बदलणाऱ्या तुकड्यांमुळे येतात, प्रभावाशी संबंध नाही. संकरासाठी असं झाड घेतलंत तर प्रमाण हमखास बिघडेल.

बियाणे: करून पाहायचं असेल तर गुलबक्षीत दोन अडचणी. एका फुलाला एकच बी येते, म्हणून चाळीस बियांसाठी किमान चाळीस फुलांवर हात चालवावा लागतो. आणि फूल कोमेजताना पुंकेसर (परागकण देणारे नर भाग) व कुक्षी (परागकण घेणारं मादी टोक) एकत्र गुंडाळली जाऊन स्वपरागण होतं. म्हणून संध्याकाळी उमलणारी कळी दुपारीच चिरून पुंकेसर चिमट्याने काढा आणि कागदी पिशवी घाला. दुसऱ्या झाडाचं फूल उमललं की त्याचे परागकण कुक्षीला लावून पिशवी परत बांधा. मादी म्हणून पांढरं झाड घ्या. लाल × पांढऱ्याच्या पहिल्या पिढीत पांढरं रोप निघालं तर पुंकेसर काढताना कसर राहिली, हे लगेच कळतं.

वाटाण्यात परागकण फूल उमलण्याआधीच सांडतात. त्यामुळे घट्ट कळीतच नावेसारखी पाकळी फाडून दहाही पुंकेसर काढावे लागतात. रंग कळायला मात्र फुलाची वाट पाहायला नको: जांभळ्या फुलाच्या रोपाला पानाच्या बगलेत जांभळट ठिपका किंवा कडं असतं.

पानफूल: बियांच्या टरफलावरूनही ओळखतात ना? करडं-तपकिरी म्हणजे जांभळं फूल?

बियाणे: हो, पण कुणाचं फूल? टरफल आईच्या झाडाचं असतं. पांढऱ्या मादीवर जांभळ्याचे परागकण टाकले तरी टरफल बिनरंगीच राहतं, आतलं रोप जांभळी फुलं देणारं असूनही. 'संकर फसला' म्हणून अशा बिया फेकून देऊ नका, पेरून बगल पाहा.